टॉनिक न खपवता कृषी सेवा केंद्र चालतं का?

प्रश्न ज्याने विचारलाय तो मुलगा बी.एस्सी. ऍग्री झालाय, निफाडच्या बाजूला द्राक्षपट्ट्यात दुकान टाकतोय, लायसन्स हातात आलंय, गाळा ठरलाय. त्याचं म्हणणं असं की आजूबाजूची सगळी दुकानं टॉनिक, म्हणजे पीक जोमात येईल म्हणून विकल्या जाणाऱ्या बाटल्या, खपवतात, युरियाबरोबर बाटल्या गळ्यात मारतात, कन्सल्टंटला कमिशन देतात, कंपन्यांच्या टार्गेटवर थायलंडला जातात, आणि मला हे करायचं नाहीये, मग माझं दुकान चालेल का? शेवटी अजून एक विचारलंय, एक कंपनी तीन लाखाचा माल कोऱ्या सिक्युरिटी चेकवर द्यायला तयार आहे, घेऊ का? त्यावर शेवटी येतो.

दुकान चालतं. मी वीस वर्षांहून जास्त काळ याच पट्ट्यात काउंटरवर उभा आहे आणि माझं चाललंय, घर त्यावर उभं राहिलंय. पण पहिले दोन-तीन हंगाम शेजारच्या दुकानात गर्दी दिसेल आणि तुमच्याकडे माशा मारायची वेळ येईल, ते आधीच डोक्यात ठेवून या, आणि तेवढे दिवस घरखर्च निघेल अशी सोय बाजूला ठेवूनच शटर उघडा. घरी पैसे नसले की चांगली माणसं सुद्धा काहीही विकतात, हे मी डोळ्यांनी बघितलंय आणि मला त्यांचा राग येत नाही, वाईट वाटतं.

या धंद्यात माणूस खरं बोलणार की खोटं ते काउंटरवर ठरत नाही, ते खरेदीला ठरतं. शेतकरी समोर येतो ऑक्टोबर-नोव्हेंबरला, पण तुम्ही त्याला काय सांगणार ते जून-जुलैमध्ये बुकिंग करताना ठरून गेलेलं असतं. पुढचं सगळं याच अंगाने वाचा.

आधी पैसा कुठे आहे ते बघा. युरियाची 45 किलोची गोणी 266 रुपये 50 पैशाला विकायची, त्यात आपल्याला सुटतात साधारण पंधरा-सोळा रुपये, त्यातून हमाली, गोडाऊन, ई-पॉस मशीनवर अंगठा घेत बसणारा पोरगा, सगळं करायचं. डीएपीची 50 किलोची गोणी 1350, तिथेही असंच. म्हणजे खत हा गिऱ्हाईक दुकानात येण्यापुरता माल आहे, त्यावर दुकान चालत नाही. ब्रँडेड बुरशीनाशक कीटकनाशकात मार्जिन बरं असतं पण स्पर्धेत खाली येतं, कारण शेतकरी चार दुकानात फोन करून भाव विचारतो. आणि मग येते ती बाटली, जिचं नाव कुणाला माहीत नाही, भाव कुणाला माहीत नाही, आत काय आहे ते तर विकणाऱ्यालाही माहीत नाही, आणि जिच्यात निम्म्याच्या आसपास मार्जिन आहे. एक लिटरची असली बाटली विकली की कितीतरी गोण्या युरियाचं काम होतं. दुकानदार लोभी आहे म्हणून ती विकतो असं लोक म्हणतात, ते अर्धंच खरं आहे, उरलेलं अर्धं या हिशोबात आहे.

यावर कंपन्यांची स्कीम बसते. सीझनच्या आधी ऍडव्हान्स बुकिंग करा, इतक्या लाखाच्या स्लॅबला इतके टक्के क्रेडिट नोट, म्हणजे कंपनीकडच्या खात्यावर परत जमा, वरच्या स्लॅबला फॉरेन टूर. मार्च एंडला टेरिटरी मॅनेजरचं टार्गेट अडकलेलं असतं, तो हात जोडून दुकानात बसतो, तेवढा माल उतरवून घ्या, नाही खपला तर परत नेतो. परत नेणं वगैरे होत नाही, झालं तरी सहा महिने क्रेडिट नोटची वाट बघत बसायची. त्याच्यावर वरून प्रेशर, तो ते तुमच्यावर सोडतो, तुम्ही ते शेतकऱ्यावर सोडणार. त्यांच्या भाषेत याला प्लेसमेंट आणि लिक्विडेशन म्हणतात, प्लेसमेंट म्हणजे माल तुमच्या गोडाऊनला, लिक्विडेशन म्हणजे तुमच्या गोडाऊनमधून शेतकऱ्याच्या पंपात. प्लॉटला गरज आहे का, हा प्रश्न या साखळीत कुणीच कुणाला विचारत नाही.

आता हे प्रत्यक्षात कसं होतं ते सांगतो. ऑक्टोबर छाटणी होऊन महिना-सव्वा महिना झालाय, दोन दिवस ढगाळ, पहाटे दव, एखादी सर येऊन गेली. सकाळी आठला एक जण गाडी लावतो, खिशातून प्लॅस्टिकच्या पिशवीतली दोन पानं काढून काउंटरवर टाकतो, शेठ काय मारू? पान उजेडात धरलं की वरून तेलकट पिवळसर डाग, उलटं केलं की पांढरी बुरशी. डावणी आहे, म्हणजे डाउनी मिल्ड्यू हा द्राक्षावरचा बुरशीचा रोग, शंकाच नाही. आता त्याला काय लागतं? डावणीचं एक आंतरप्रवाही, त्याच्याबरोबर मॅन्कोझेबसारखं एक स्पर्शजन्य, मागच्या फवारणीला कुठल्या गटाचं मारलं होतं ते विचारून तो गट टाळायचा कारण तेच तेच मारलं की रोग दाद देत नाही, घडावर डाग आहे का विचारायचं, बागेत फुटी दाटल्यात का विचारायचं, दाटल्या असतील तर आधी विरळणी कर म्हणायचं, हवा खेळली नाही तर औषध पोचतच नाही. एवढंच. दहा मिनिटांचं काम आणि दोन पुड्या.

त्याच माणसाला भीतीने ग्रासलेलं असताना पाच बाटल्या देणं किती सोपं आहे बघा. वर्षभराचं पीक त्या पानावर अवलंबून आहे, रात्री झोप लागलेली नाही, आणि समोरचा डिग्रीवाला म्हणतोय की याबरोबर हे इम्युनिटी वाढवायचं, हे स्टिकर, हे घड जिरू नये म्हणून, आणि हे पानाला काळोखी यायला. तो नाही म्हणणारच नाही. उद्या रोग वाढला तर त्या चारातली एखादी बाटली घेतली नाही म्हणून वाढला असं वाटेल अशी भीती त्याला असते. ही भीती विकणं मला सगळ्यात वाईट वाटतं. भाव दोन रुपये जास्त लावला तर तो दुसरीकडे विचारून पकडतो, पण भीतीवर विकलेली बाटली त्याला कधीच पकडता येत नाही, कारण रोग आटोक्यात आला तर सगळ्या पाचांना श्रेय जातं.

आणि तुमच्या मागच्या रॅकवर जर जूनमध्ये बुक केलेली त्याच टॉनिकची चाळीस खोकी उभी असतील, डिसेंबरला चेक लागणार असेल, तर तुम्ही ती दहा मिनिटं त्याला विचारपूस करत बसणार नाही. मी कितीही चांगला असलो तरी बसणार नाही. म्हणून म्हणतो, ती खोकी घेऊच नका.

मग ठेवायचं काय? माझा नियम एकदम साधा आहे. कीटकनाशक-बुरशीनाशक असेल तर त्याचं पीसी, म्हणजे उगम प्रमाणपत्र, माझ्या लायसन्सवर ऍड झाल्याशिवाय दुकानात ठेवत नाही. खत असेल तर ओ फॉर्म, म्हणजे खताचं उगम प्रमाणपत्र. बिलाशिवायचा माल एक रुपयाचा नाही, कितीही स्वस्त दिला तरी नाही. टॉनिक म्हणून जे काही येतं, समुद्री शेवाळ, ह्युमिक, अमिनो वगैरे, ते 2021 मध्ये बायोस्टिम्युलंट म्हणून खत नियंत्रण आदेशात आणलं, आधी तात्पुरत्या परवानगीवर, जी कंपन्या जी-थ्री म्हणून दाखवायच्या, ती मुदत वाढत वाढत जून 2025 मध्ये संपली. आता जे उत्पादन आदेशाच्या यादीत आहे तेवढंच विकता येतं. त्यामुळे कोणी रिप्रेझेंटेटिव्ह नवीन बाटली घेऊन आला की मी फक्त नोटिफिकेशनमधलं त्याचं नाव आणि पान दाखव म्हणतो. निम्मे जण तिथेच चहा पिऊन जातात. सगळी टॉनिकं बोगस असं मी म्हणत नाही, समुद्री शेवाळाचा किंवा ह्युमिकचा उपयोग काही ठिकाणी मी स्वतः बघितलाय, पांढऱ्या मुळीला, ताणात असलेल्या प्लॉटला. पण उपयोग आहे म्हणून देणं आणि रॅक रिकामा करायचा म्हणून देणं यातला फरक शेतकऱ्याला कळत नाही, आपल्याला कळतो.

बाटलीत काय आहे हा आपल्याकडे नुसता नीतीचा विषय नाही, द्राक्षपट्ट्यात तर अजिबात नाही. 2010 आठवत नसेल तर घरच्या मोठ्यांना विचारा. क्लोरमेक्वाट क्लोराईड, आपले लोक ज्याला सीसीसी म्हणतात, एप्रिल छाटणीनंतर वाढ थांबवायला आणि सूक्ष्मघड निर्मितीला सर्रास वापरायचे. त्याचे अंश युरोपात गेलेल्या द्राक्षात मर्यादेपेक्षा जास्त निघाले, कंटेनर अडकले, नाकारले गेले, निर्यातदार आणि शेतकरी दोघंही झोपले, त्या एका सीझनमधून वर यायला कित्येकांना वर्षं गेली. तेव्हापासून निर्यातीचा शेतकरी रेसिड्यू, म्हणजे मालात उरलेला औषधाचा अंश, या शब्दाला घाबरून असतो. मांजरीचं राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्र औषधांची यादी काढतं, अनेक्शर 5, त्यात कुठलं औषध चालतं, काढणीच्या किती दिवस आधी बंद करायचं, मर्यादा किती, सगळं असतं. ज्या औषधाला युरोपने वेगळी मर्यादा ठरवलेली नाही त्याला 0.01 पीपीएम धरतात, म्हणजे जवळपास शून्यच समजा.

आता यात ती अनोळखी बाटली बसवून बघा. लेबलवर लिहिलंय वनस्पतीजन्य, शंभर टक्के सेंद्रिय, रेसिड्यू फ्री. मारलं की दुसऱ्या दिवशी थ्रिप्स, म्हणजे फुलकिडे, खाली पडलेले. शेतकरी खूश, दुकानदार खूश. कडुनिंबाच्या अर्काने एवढ्या झटक्यात थ्रिप्स पडत नाहीत हे ऍग्रीच्या पोराला कळायला हवं. आत रासायनिक कीटकनाशक मिसळलेलं असतं, आणि ते फेब्रुवारीत सॅम्पल लागल्यावर रिपोर्टमध्ये निघतं. शेतकरी शपथेवर सांगतो की मी हे औषध मारलंच नाही, आणि तो खरं बोलत असतो. प्लॉट लोकलला जातो, किलोमागे किती फरक पडतो ते तुम्हाला माहीत आहे, आणि कधी लोकलचा व्यापारी पैसे बुडवून जातो ते वेगळंच. सहाशे-सातशे रुपयाच्या बाटलीने त्याचं लाखांचं नुकसान केलं आणि बिल नसल्यामुळे तो कुणाकडे जाऊही शकत नाही. माझ्या दुकानात प्रत्येक औषधाच्या रॅकला काढणीपूर्व किती दिवस ते मार्करने लिहिलेलं आहे आणि बिलावर सुद्धा पोरगा हाताने लिहून देतो. त्यात मला एक पैसा मिळत नाही, पण जानेवारीनंतर निर्यातीचे प्लॉटवाले माझ्याकडेच येतात.

आता लिंकिंगबद्दल, म्हणजे युरियाबरोबर नको असलेला माल सक्तीने घ्यायला लावणं. हे सगळ्यात अवघड आहे, इथे मी तुम्हाला खोटा धीर देणार नाही. खरिपाच्या तोंडावर युरिया-डीएपीची गाडी पाहिजे असेल तर वरून सांगितलं जातं की बरोबर एवढं विद्राव्य खत, एवढ्या नॅनोच्या बाटल्या, एवढं मायक्रोन्यूट्रिएंट उचला. कृषी विभाग दर हंगामाला सांगतो की लिंकिंग चालणार नाही, कारवाई करू, आणि कारवाई झाली तर बहुतेक वेळा शेवटच्या दुकानदारावर होते कारण शेतकऱ्याच्या समोर तोच असतो. मी काय करतो ते सांगतो. खत मी मुद्दाम कमी करतो. युरिया गळ्यातली बाटली विकल्याशिवाय मिळणारच नसेल तर त्या आठवड्यात माझ्याकडे युरिया नाही, बोर्डवर साठा शून्य लिहितो आणि कुणी विचारलं तर कारण सांगतो. काही वेळा लिंकिंगचा माल घ्यावाच लागतो, कारण माझे पन्नास-साठ नेहमीचे शेतकरी युरियासाठी अडलेले असतात, तेव्हा तो माल मी वेगळा ठेवतो, ज्याला खरंच विद्राव्य खत लागतं त्याला खरेदीच्या भावात देऊन टाकतो, तोटा आला तर तो माझा, खर्चाच्या खात्यात लिहितो. युरिया घ्यायला आलेल्याला मात्र त्याबरोबर दुसरं काहीही देत नाही. शिवाय तालुक्यातल्या आम्ही काही दुकानदारांनी मिळून जिल्हा गुणनियंत्रण निरीक्षकाला आणि तालुका कृषी अधिकाऱ्याला लेखी दिलं, त्यात गाडीबरोबर आलेल्या बिलांच्या झेरॉक्स जोडल्या. एकट्याने दिलं तर पुढच्या वेळी गाडी तुमच्या दारात येत नाही, चार जणांनी दिलं तर जरा विचार करतात. लिंकिंग पूर्ण थांबलं नाही, कमी झालं.

आता कन्सल्टंट. तुम्हाला दुकान उघडल्या उघडल्या हे भेटायला येतील. द्राक्षात सल्लागाराची गरज आहे, चांगले सल्लागार आहेत, एकरी फी घेतात आणि ती फी वसूल करून देतात, मी स्वतः शेतकऱ्यांना त्यांची नावं सुचवतो. पण काही जण फी कमी घेतात किंवा घेतच नाहीत, आणि चिठ्ठी लिहून देतात, त्या चिठ्ठीतले दोन-तीन आयटम असे असतात की जे एकाच दुकानात मिळतात. महिन्याच्या शेवटी दुकानदार त्यांचा हिशोब करतो. फुकट सल्ला म्हणून शेतकरी खूश असतो आणि त्या सल्ल्याची किंमत त्याच्याच बिलात असते. मी कुणालाच चिठ्ठीवर टक्के देत नाही. त्यामुळे बऱ्याच चिठ्ठ्या माझ्याकडे येत नाहीत, हे नुकसान खरं आहे. पण चिठ्ठी घेऊन जो येतो त्याला मी टेक्निकल, म्हणजे पुड्यातल्या मूळ औषधाचं नाव, वाचून दाखवतो. हे बघा नाना, या पुड्यात जे आहे तेच या दुसऱ्या कंपनीच्या पुड्यात आहे, टक्केवारी तीच, किंमत एवढी कमी, तुम्ही ठरवा. सुरुवातीला मला लोक म्हणायचे की टेक्निकल शिकवलं तर गिऱ्हाईक हुशार होईल आणि होलसेलला जाईल. काही गेले. पण शिकलेला शेतकरी गावात चार जणांना सांगतो की त्याच्याकडे जा, तो वाचून दाखवतो, आणि ही जाहिरात कुठल्याही फ्लेक्सपेक्षा टिकाऊ निघाली.

उधारीचं मात्र नीट ऐका, कारण चांगली चांगली दुकानं इथे बिघडली. आपल्याकडे शेतकऱ्याचा पैसा मार्च-एप्रिलला येतो, व्यापाऱ्याने दिला तर. तोवर औषधं उधार. उधार दिलं की तो बांधला गेला, दुसऱ्या दुकानात जाऊ शकत नाही, भाव विचारू शकत नाही, तुम्ही जे द्याल ते मुकाट नेतो. इथे दुकानदाराच्या मनात नकळत एक गोष्ट शिरते की याच्या खात्यावर अजून दोन बाटल्या लिहिल्या तर तो काय बोलणार आहे. खातं वाढतं, वाढलेलं खातं बुडायची भीती वाटते, म्हणून भाव चढवला जातो, चढवल्यामुळे ते अजून वाढतं. माझ्याकडे रोखीचा आणि उधारीचा असे दोन्ही भाव बोर्डवर लिहिलेले आहेत, फरक किती आणि का ते तोंडावर सांगतो, माझ्या सीसी म्हणजे कॅश क्रेडिट कर्जखात्याला बँक व्याज लावते त्यापेक्षा जास्त लावत नाही. एकरी मर्यादा ठरलेली आहे. आणि पोराला सक्त ताकीद आहे की उधारीवाल्याला रोखीवाल्यापेक्षा एकही आयटम जास्त द्यायचा नाही. दर महिन्याला खात्याचा फोटो व्हॉट्सॲपवर पाठवतो, मग मार्चला भांडण होत नाही. पैसे बुडतात का? बुडतात. ज्या वर्षी अवकाळी आणि गारपीट होते त्या वर्षी तर वसुलीला जायची हिंमतच होत नाही, आणि जाऊही नये, पुढच्या सीझनला हप्ते पाडून घ्यावेत. तेवढी गंगाजळी धंद्यात धरून चाला.

अजून एक माणूस आहे जो दुकानात कधी येत नाही, फवारणारा मजूर. 2017 ला यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारताना विषबाधा होऊन वीसच्या वर शेतकरी-शेतमजूर गेले, शेकडो दवाखान्यात होते. कारणं बरीच होती, उंच वाढलेली कपाशी, उकाडा, अंगावर काही नाही, पण वेगवेगळी औषधं एकत्र करून मारणं हेही त्यात होतं. आणि चार औषधं एका टाकीत घालायला सांगतो कोण? आपणच, कारण चार विकायची असतात. बोअरच्या पाण्यात काय काय एकत्र चालतं याचा विचार न करता दिलेलं शेड्युल म्हणजे त्या मजुराच्या फुप्फुसाशी खेळ आहे. लाल त्रिकोणवाला, म्हणजे सगळ्यात विषारी, माल मी ठेवायचाच बंद केला, त्याच्या जागी चालणारं दुसरं काहीतरी जवळपास नेहमीच असतं. हातमोजे आणि मास्क काउंटरवर समोर ठेवतो, ना नफा ना तोटा, आणि ब्लोअर चालवणारा पोरगा सोबत आला असेल तर त्याच्याशी बोलतो, मालकाशी नाही.

बियाणं उगवलं नाही, औषधाने स्कॉर्चिंग आलं, म्हणजे पानं करपली, अशी तक्रार येणारच. यात खरं-खोटं सगळ्यात लवकर उघडं पडतं. बहुतेक दुकानदार कंपनीच्या बाजूने उभे राहतात, पाऊस कमी होता, खोल पेरलं, तुमचं चुकलं. मी शेतकऱ्याला पहिल्या दिवशीच सांगून ठेवतो की पिशवी, टॅग, बिल आणि मूठभर बी जपून ठेवा, बिलावर लॉट नंबर आहे का बघा. तक्रार आली की तालुका तक्रार निवारण समितीकडे अर्ज कसा करायचा ते मीच लिहून देतो, पंचनाम्याला हजर राहतो. कंपनीचा माणूस नाराज होतो. होऊ दे. सर्वोच्च न्यायालयाने 2012 मध्येच स्पष्ट केलंय की बियाणं घेणारा शेतकरी ग्राहकच आहे आणि तो ग्राहक मंचात, म्हणजे आताच्या ग्राहक आयोगात, जाऊ शकतो, मग मी मध्ये भिंत होऊन उभं राहण्यात काय अर्थ आहे. आणि तुमची कागदपत्रं नीट असतील, माल बिलाचा असेल, साठा रजिस्टर जुळत असेल तर तुम्हाला घाबरायचं कारण नाही. नोव्हेंबर 2023 मध्ये राज्यातल्या दुकानदारांनी तीन दिवस बंद पाळला होता, नवीन विधेयकांमध्ये विक्रेत्याला कडक शिक्षा होती म्हणून. सीलबंद पाकिटातल्या दोषाला विक्रेता कसा जबाबदार, हा मुद्दा मला पटतो, मीही दुकान बंद ठेवलं होतं. पण त्याच वेळी आपल्यातले किती जण बिलाशिवायचा माल विकतात हेही बैठकीत बोललं गेलं पाहिजे होतं, ते कुणी बोललं नाही.

पैसा मग कुठून येतो ते सांगतो, नाहीतर हे सगळं हवेतलं वाटेल. मार्जिन कमी पण फिरणारा माल, म्हणजे मॅन्कोझेब, गंधक, मोरचूद, नेहमीची बुरशीनाशकं, रोखीने खरेदी करून कॅश डिस्काउंट पूर्ण घ्यायचा, हा डिस्काउंट हेच माझं मुख्य उत्पन्न आहे, स्कीमपेक्षा तो खात्रीचा. माती-पाणी आणि देठ परीक्षणाचे नमुने गोळा करून लॅबला पाठवणं आणि रिपोर्ट समजावून सांगणं, त्याची फी. प्लॉट व्हिजिटची फी, लोक देतात, डिग्री आहे तुमची, लाजू नका. ड्रिपचं साहित्य, क्रेट, पेपर, सुतळी असलं बिनधोक सामान. आणि कमी स्टॉक, म्हणजे एक्स्पायरीचा तोटा जवळपास नाही, जो टॉनिकवाल्या दुकानांना दरवर्षी गपचूप बसतो आणि ते तुम्हाला सांगत नाहीत.

आता तो तीन लाखाचा माल. घेऊ नका. कोरा चेक दिला म्हणजे रक्कम आणि तारीख टाकायची सत्ता त्यांच्याकडे गेली, बाऊन्स झाला की कलम 138 ची, म्हणजे चेक न वटल्याची फौजदारी केस, आणि नवीन दुकानदार त्या भीतीनेच पहिल्या सीझनला वाट्टेल ते विकतो. त्या माणसाला सांगा की पहिल्या वर्षी मी फक्त ऑर्डरप्रमाणे उचलणार, रोखीने, कॅश डिस्काउंट द्या. सिक्युरिटी हवीच असेल तर डिपॉझिट देईन, पावती आणि व्याजासकट, चेक नाही. न खपलेला माल एक्स्पायरीच्या सहा महिने आधी परत घ्याल हे कंपनीच्या लेटरहेडवर द्या. आणि त्यांची पूर्ण प्रॉडक्ट लिस्ट मागा, प्रत्येक नावासमोर पीसी किंवा ओ फॉर्म आहे का ते बघा, त्या तीन लाखात अशा किती बाटल्या आहेत ज्यांच्यासमोर ती जागा रिकामी आहे ते मोजा. लिस्ट पाठवली तर मला दाखवा, मी बघून देतो.